अंकलिपीच्या पानांतून परदेश

मागील सुट्टीत एका स्नेह्यांच्या घरी जाण्याचा योग आला. त्यांच्या पाच वर्षांच्या कन्येला तिच्या मामाने एक नवे चित्रपुस्तक आणून दिले होते. कागद जाड व गुळगुळीत, रंग झगझगीत आणि प्रत्येक अक्षराला एकेक परदेश, असा त्या पुस्तकाचा थाट होता. ‘इ’ इजिप्तचा, तेथे एक उंट व एक पिरॅमिड. ‘ज’ जपानचा, तेथे हाती पंखा घेतलेली बाहुली. ‘आ’ आफ्रिकेचा, तेथे सिंह, जिराफ आणि झेब्रा. त्या पानावर मुलगी बराच वेळ थांबली आणि तिने आम्हांला विचारले, “काका, तिकडे माणसं राहत नाहीत का?”

घरातील मंडळी हसली. आम्हीही हसलो; पण घरी परतताना तो प्रश्न काही मनातून जाईना. त्या बालिकेने पुस्तक चुकीचे वाचले नव्हते. पुस्तकात जे होते तेच तिने वाचले होते. ज्या खंडात पन्नासांहून अधिक देश आहेत, कैरो, लागोस, नैरोबी यांसारखी गजबजलेली शहरे आहेत आणि जेथे कोट्यवधी मुले रोज सकाळी दप्तर घेऊन शाळेला निघतात, ते खंड एका पानावर बसविताना चित्रकाराला माणसांचीच तेवढी आठवण राहिली नव्हती. पाचव्या वर्षी मनावर उमटलेला ठसा पन्नासाव्या वर्षीही पुसत नाही. म्हणून लहान मुलांना अक्षरांच्या चित्रांतून परदेशांची ओळख करून द्यावी काय, आणि द्यावयाची तर ती कोणत्या रीतीने द्यावी, याविषयी दोन शब्द लिहावेत असे आम्हांस वाटले.

चित्रांच्या साहाय्याने अक्षर शिकविण्याची कल्पना जुनी आहे. मोराव्हिया प्रांतातील थोर शिक्षणतज्ज्ञ कॉमेनियस यांनी १६५८ साली न्युरेंबर्ग येथे मुलांसाठी एक सचित्र पुस्तक प्रसिद्ध केले. त्याच्या आरंभी बहुतेक अक्षरांसोबत एखादा प्राणी व त्याचा आवाज दिलेला होता. डोळ्यांनी पाहिलेले आणि कानांनी ऐकलेले मुलाला चटकन उमगते, हे त्यामागील तत्त्व. आपल्या अंकलिपीतील कमळ, गणपती आणि बदक याच तत्त्वावर पिढ्यान्‌पिढ्या आपले काम चोख बजावीत आले आहेत.

परंतु चित्र जितके लवकर शिकविते तितकेच लवकर ते भुलविते. १८९९ साली लंडन येथे लहानग्या देशभक्तांसाठी म्हणून एक अक्षरपुस्तक निघाले. श्रीमती अर्नेस्ट एम्स या बाईंनी ते लिहिले होते. त्यात साम्राज्याला एक अक्षर होते, वसाहतींना एक होते आणि हिंदुस्थानलाही एक होते. या पुस्तकातला हिंदुस्थान म्हणजे पूर्वेकडील एक मौजेचा मुलूख. तेथे साहेबाने जावे, वाघांची शिकार करावी आणि मेजवान्या झोडाव्यात. ज्या सुमारास इंग्लंडमधील बालके हे पान उलटीत होती, त्याच सुमारास, १८९९-१९०० या वर्षांत, आपल्या मुंबई इलाख्यात भीषण दुष्काळ पडला होता, आणि प्लेगची साथही अद्याप हटली नव्हती. बेळगाव जिल्हा तेव्हा याच इलाख्यात होता. आपले आजे-पणजे अन्नाच्या चिंतेत होते आणि सातासमुद्रांपलीकडील मुले त्यांच्या देशात केवळ वाघ पाहत होती. त्या बालकांचा यात काय दोष? त्यांना जे अक्षर दिले गेले ते त्यांनी गिरविले. त्यांच्यातलीच काही मोठी होऊन पुढे इकडे अधिकारी म्हणून आली असतील, तर मनात कोणते चित्र घेऊन आली असतील, याचा विचार वाचकांनीच करावा.

जे आपल्या बाबतीत घडले ते आपण आज दुसऱ्याच्या बाबतीत करू नये. आफ्रिकेच्या पानावर केवळ सिंह छापणारा चित्रकार आणि हिंदुस्थानच्या पानावर केवळ वाघ पाहणारी ती लेखिका यांच्यात, हेतू सोडला तर, अंतर फारसे राहत नाही.

येथे काही सुज्ञ पालक म्हणतील, “मग हा उपद्व्याप हवाच कशाला? लहान मुलाने आधी आपले गाव ओळखावे, तालुका ओळखावा; परदेशांचे पुढे भूगोलात पाहता येईल.” हा आक्षेप टाकाऊ नाही. जवळच्याकडून दूरच्याकडे जावे, हे शिक्षणशास्त्राचे मूलतत्त्वच आहे. ताराबाई मोडक आणि अनुताई वाघ यांनी बोर्डी व कोसबाड येथे बालवाड्या चालविल्या, तेव्हा पाने, खडे, बिया, शंख-शिंपले अशा भोवतालच्या वस्तूंनाच त्यांनी शैक्षणिक साधनांची प्रतिष्ठा दिली. परंतु प्रश्न असा, की आपल्या भोवतालच्या या वस्तूंत परदेश नाही काय?

आपल्या अंकलिपीचे पहिलेच पान पाहावे. ‘अ’ अननसाचा! हे अननस मूळचे दक्षिण अमेरिकेतले. १४९३ साली कोलंबसाच्या लोकांनी ते वेस्ट इंडीज बेटांवर पाहिले. पुढे पोर्तुगीजांच्या गलबतांतून ते आपल्या किनाऱ्यावर उतरले, आणि येताना तेथील मूळ रहिवाशांच्या भाषेतले आपले नावही घेऊन आले. म्हणजे मराठी मूल जे पहिले अक्षर शिकते, त्या अक्षराचे चित्रच मुळी परदेशी पाहुण्याचे आहे. आपण त्याला पाहुणा म्हणून ओळखीत नाही, इतका तो आता घरचा झाला आहे.

पुढे स्वयंपाकघरात जावे. एकादशीच्या दिवशी आजीबाई मोठ्या सोवळ्याने उपासाचे ताट वाढतात. साबुदाण्याची खिचडी, तीत शेंगदाण्याचे कूट, बटाट्याच्या फोडी, वर हिरवी मिरची आणि बाजूला रताळ्याचे काप. ज्या कंदापासून आज आपला साबुदाणा होतो तो दक्षिण अमेरिकेतला, भुईमूग तिकडचा, बटाटा तिकडच्याच अँडीज पर्वतावरचा, रताळे आणि मिरचीही अमेरिका खंडातलीच. पाचशे वर्षांपूर्वी यांपैकी एकही जिन्नस आपल्या देशात नव्हता. मिरची येण्यापूर्वी तिखटपणासाठी आपले लोक मिरे वापरीत, आणि मिऱ्यावरूनच या नवागत फळाचे नाव मिरची पडले. आज संकेश्वरची मिरची, बेळगावचा बटाटा आणि बेळगावचीच रताळी यांचा आपल्याला केवढा अभिमान! ‘एकादशी आणि दुप्पट खाशी’ अशी म्हण आपण थट्टेने वापरतो; पण ते दुप्पट खाणे सगळे समुद्रापलीकडून आलेले आहे, हे नातवंडांना कोणी सांगत नाही.

निपाणीच्या मुलांना तर याहून मोठे उदाहरण शिवारातच सापडेल. ज्या तंबाखूने निपाणीचे नाव देशभर झाले, ती तंबाखूही अमेरिकेतूनच पोर्तुगीजांबरोबर इकडे आली. तंबाखूचे गुणगान अंकलिपीत असावे असे आम्ही कदापि म्हणणार नाही. तिच्यापायी शरीराची होणारी हानी आता सर्वश्रुत आहे, आणि विड्या वळण्यात ज्या मायभगिनींचे आयुष्य गेले त्यांच्या खोकल्याचा आवाज आपल्या परिचयाचा आहे. पण बाहेरून आलेल्या सर्वच गोष्टी अननसासारख्या गोड नसतात, हेही मुलांना योग्य वेळी कळावयास हवे. जगाची ओळख याचा अर्थ जगाची भलावण असा नव्हे.

शब्दांचीही तीच कथा. सकाळी मूल साबण घेऊन मोरीत जाते, बादलीतले पाणी अंगावर घेते, चहात पाव बुडवून खाते, आणि वडील कपाटाला चावी लावून कामावर निघतात. बादली, पाव आणि चावी हे तीनही शब्द गोव्याच्या वाटेने पोर्तुगीजांकडून आले. चहा हा शब्द आणि ते पेय दोन्ही मूळचे चीनमधले. या शब्दांना मराठीने आपले प्रत्यय लावले, आपले लिंग-वचन दिले आणि घरात सामावून घेतले. यात मराठी भाषा लहान झाली, असे कोणता भाषाभिमानी म्हणेल?

आता खुद्द अक्षरांकडे पाहू. आपण ‘क, ख, ग, घ’ हा क्रम घोकतो, तो आपल्याच पाटीपुरता आहे अशी मुलांची समजूत असते. परंतु थायलंडमधील मुलेही याच वर्गानुक्रमाने आपली व्यंजने शिकतात. त्यांच्या पहिल्या व्यंजनाचे चित्र कोंबडीचे, आणि दुसऱ्याचे अंड्याचे. कारण त्यांच्या भाषेत कोंबडीचे नाव ‘क’ने व अंड्याचे ‘ख’ने सुरू होते. जपानी मुले स्वर म्हणतात ते ‘आ, इ, उ, ए, ओ’ असे, आणि पुढे ‘का, सा, ता, ना’ अशा ओळी म्हणतात. संस्कृत वर्णविचाराचा अभ्यास केलेल्या बौद्ध भिक्षूंच्या परंपरेतून तो क्रम सिद्ध झाला, असे विद्वान सांगतात. नेपाळात तर लिपीही आपलीच. निपाणीचे पहिलीतले मूल काठमांडूच्या रस्त्यावर उभे राहिले, तर तेथील दुकानांच्या पाट्या त्याला अक्षर लावून वाचता येतील.

आणि इंग्रजीचा ‘ए’? मोठा ‘ए’ पाटीवर काढून पाटी उलटी करावी. दोन शिंगे आणि खाली निमुळते तोंड असे बैलाचे डोके मुलांना दिसेल. फार प्राचीन काळी फिनिशियन लोकांच्या लिपीत या अक्षराचे नावच ‘बैल’ या अर्थाचे होते आणि त्याच्या पुढच्या अक्षराचे नाव ‘घर’ या अर्थाचे. तेथून ग्रीकांकडे, ग्रीकांकडून रोमनांकडे अशी ती अक्षरे गेली. बेंदराला बैलांची शिंगे रंगविणाऱ्या आपल्या शेतकऱ्याच्या मुलाला हे सांगून पाहावे. इंग्रजी लिपीविषयी त्याच्या मनात बसलेली भीती त्या क्षणी निम्मी ओसरेल.

येथवर आम्ही दूरच्या देशांविषयी लिहिले. आता जवळच्या घराकडे वळणे भाग आहे. कारण त्यावाचून या लेखाला सीमाभागात काहीच अर्थ उरणार नाही.

आपण ज्या भूमीत राहतो तेथील मूल पाटी हाती घेताच तीन लिप्यांच्या वेढ्यात सापडते. घरी आणि शाळेत मराठी, रस्त्यावरच्या फलकांवर व कचेरीच्या कागदांवर कानडी, आणि पुढे इंग्रजी. १ नोव्हेंबर १९५६ रोजी हा भाग त्या वेळच्या म्हैसूर राज्यात गेला, तेव्हापासून घरोघरी एक सल आहे. १७ जानेवारीला हुतात्म्यांना वंदन करताना आपले डोळे आजही पाणावतात. २००४ साली महाराष्ट्र शासनाने हा प्रश्न सर्वोच्च न्यायालयात नेला. या प्रश्नाचे महत्त्व कमी लेखण्याचा आमचा मुळीच मानस नाही. मातृभाषेतून शिकण्याचा आणि आपल्या भाषेत व्यवहार करण्याचा हक्क हा मागून मिळविण्याचा नव्हे, तो जन्मसिद्धच आहे.

पण याच ठिकाणी आम्हांला पालकांस एक प्रश्न विचारावासा वाटतो. मूल फलकावरच्या कानडी अक्षराकडे बोट दाखवून “हे काय लिहिलंय?” असे विचारते, तेव्हा आपण काय उत्तर देतो? पुष्कळदा आपण त्याचे बोट खाली करतो आणि “ते आपलं नव्हे” असे म्हणून पुढे चालू लागतो. ज्या मुलाला समोरच्या घरातील अक्षर परके म्हणून शिकविले, त्याला जपान आणि ब्राझील आपले कसे वाटतील? रंगीत पुस्तकातील परदेश आवडणे सोपे असते. परदेश कधी पाणी भरायला आपल्या नळावर येत नाही. शेजारी येतो, आणि खरी कसोटी तेथेच लागते.

वस्तुतः देवनागरी आणि कानडी या दोन्ही लिप्या प्राचीन ब्राह्मी लिपीच्या लेकी. एक टाकाच्या रेघेखाली वाढली, दुसरीने गोलाई धारण केली. कानडी मूल ‘अ’ला ‘अरस’ म्हणते, म्हणजे राजा; ‘आ’ला ‘आने’, म्हणजे हत्ती; आणि ‘इ’ला ‘इली’, म्हणजे उंदीर. कानडीत ‘ए’ आणि ‘ओ’ यांची ऱ्हस्व व दीर्घ अशी दोन-दोन अक्षरे आहेत, जी आपल्याकडे नाहीत. हिंदीच्या वर्णमालेत ज्याला जागा नाही तो आपला लाडका ‘ळ’ मात्र कानडीच्या घरी सुखाने नांदतो. आपण मोठ्या भावाला अण्णा आणि बहिणीला अक्का म्हणतो, पानावर तूप वाढतो आणि अडकित्त्याने सुपारी कातरतो, तेव्हा आपण कानडीकडून आलेलेच शब्द बोलत असतो. हे नाते मान्य केल्याने आपल्या न्याय्य मागणीचे एक अक्षरही पुसले जात नाही. उलट, आमची अक्षरे दुसऱ्याने आदराने वाचावीत असे म्हणण्याचा अधिकार, दुसऱ्याची अक्षरे आदराने वाचणाऱ्यालाच अधिक शोभतो.

साने गुरुजी हेच सांगत आले. त्यांचा जन्म २४ डिसेंबर १८९९ चा. म्हणजे ज्या वर्षी लंडनमध्ये ते साम्राज्याचे अक्षरपुस्तक निघाले त्याच वर्षीचा. पण त्यांनी पाहिलेले स्वप्न त्या पुस्तकाच्या नेमके उलट होते. प्रांताप्रांतांनी एकमेकांच्या भाषा शिकाव्यात, साहित्य वाचावे, एकमेकांच्या घरी जावे, यासाठी त्यांनी आंतरभारतीचा ध्यास घेतला. रवींद्रनाथांच्या विश्वभारतीपासून त्यांना ती प्रेरणा लाभली होती. विश्वभारतीकडे जाणारी वाट आंतरभारतीतून जाते, असाच याचा अर्थ आम्ही घेतो.

मग चांगले अक्षरपुस्तक कसे असावे? आम्हांस सुचलेल्या चार गोष्टी येथे मांडतो.

पहिली गोष्ट, प्रत्येक पानावर माणूस असावा. शक्यतो वाचणाऱ्या मुलाच्याच वयाचे मूल असावे. ते शाळेत जात असेल, आईला मदत करीत असेल, चेंडू खेळत असेल. सिंह आणि पिरॅमिड खुशाल असोत, पण ते त्या मुलाच्या पाठीमागे असावेत.

दुसरी गोष्ट, देशाकडे जाण्याची वाट मुलाच्या हातातील वस्तूवरून जावी. ब्राझीलकडे अननसावरून जावे, चीनकडे चहाच्या कपावरून जावे. बेळगावच्या मुलाला इटलीकडे नेण्यासाठी तर बुटाच्या आकाराचा नकाशाही नको. मराठा लाइट इन्फंट्रीचे केंद्र आपल्याच शहरात आहे. या पलटणीचे जवान दुसऱ्या महायुद्धात इटलीत लढले. १० जुलै १९४४ रोजी टायबर नदीच्या खोऱ्यात नाईक यशवंत घाडगे यांनी देह ठेवला. एप्रिल १९४५ मध्ये सेनिओ नदीवर शिपाई नामदेव जाधव यांनी आपल्या जखमी सोबत्यांना वाचविले. दोघांनाही व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला. घाडगे यांच्या स्मरणार्थ इटलीतील मोंटोने या गावी २०२३ साली छायाघड्याळाच्या रूपाने स्मारक उभारण्यात आले. ‘इ’ इटलीचा असे शिकविताना, एका दूरच्या गावात आपल्या माणसाची आठवण तेथील लोक जपतात, एवढे सांगितले तरी पुरे.

तिसरी गोष्ट, कोणाचा वेश, वर्ण अथवा अन्न यांची चेष्टा पुस्तकात नसावी. आपल्याला विचित्र वाटणारी गोष्ट त्यांना नित्याची असते, आणि आपली नित्याची गोष्ट त्यांना विचित्र वाटते. एवढे एक वाक्य आईने मुलाला समजावले, तर पुढे अनेक भांडणे वाचतील.

चौथी गोष्ट, पुस्तक मराठीच असावे. इंग्रजी पुस्तकाचे मराठी अक्षरांत घातलेले सोंग नसावे. प्रत्येक अक्षराने देशाचे नाव सुरू झालेच पाहिजे, हा हट्ट कशाला? ‘ण’ने आरंभ होणारे मराठी नाव सापडत नाही म्हणून आपल्या पूर्वजांनी ‘ण बाणाचा’ असा सुंदर तोडगा काढला. त्याच रीतीने ‘ण’ इराणचा आणि ‘ळ’ नेपाळचा होऊ शकेल. आपण इराण आणि नेपाळ ही नावे आपल्या वळणाने उच्चारतो, म्हणून ही अक्षरे त्यांत आली. जगाला आपल्या भाषेत बोलविण्याचा मान यातच आहे.

असे पुस्तक बाजारात मिळेपर्यंत थांबण्याचे कारण नाही. या अंकाच्या विद्यार्थी वाचकांना आमची अशी सूचना आहे, की आठवी-नववीच्या मुलामुलींनी एकत्र बसून ते स्वतःच तयार करावे. एका विद्यार्थ्याने एक अक्षर घ्यावे. वस्तू घरातली शोधावी, ती कोठून आली हे ग्रंथालयात पाहावे, गुरुजींना विचारावे आणि मग चित्र काढावे. पानाच्या कोपऱ्यात त्याच वस्तूचे कानडी नाव शेजारच्या मित्राकडून लिहून घ्यावे. जाड पुठ्ठ्याची पाने सुतळीने शिवली, की पुस्तक झाले. ते पहिलीच्या वर्गाला भेट द्यावे. चित्रे ओबडधोबड होतील, होऊ द्यावीत. आपल्या गावच्या ताईने काढलेली ओबडधोबड मिरची मुलाला गुळगुळीत कागदावरच्या जिराफाहून अधिक शिकवील.

आम्ही पुन्हा त्या स्नेह्यांच्या घरी गेलो, तेव्हा तिच्या पुस्तकातील ‘आ’चे पान काढून तिच्यापुढे पेन्सिल ठेवली आणि म्हटले, “तिकडे माणसं राहतात. तुझ्याएवढी मुलंही आहेत. राहिलंय ते तू काढ.” तिने सिंहाच्या शेजारी एक मुलगी काढली, तिला दोन वेण्या घातल्या आणि पाठीवर दप्तर दिले. मग थोडा विचार करून तिने विचारले, “हिचं नाव काय?”

त्याचे उत्तर आम्हांला देता आले नाही. पण तो प्रश्न तिने विचारला, याचे आम्हांस मोठे समाधान वाटले.